सावलीचं सांगायचं राहिलं

वैशाखात आमच्या घरापुढच्या खळ्यात पाय ठेवायला जागा नसते. सारवलेल्या त्या चौकोनात भिंतीलगत कोकमाची सोलं, त्यांच्या पुढे ताटांतून आंबापोळी, मग कुळीथ, मग मिरच्या, आणि अगदी कडेला, इतरांना वास लागू नये म्हणून, खारवलेले बांगडे. पावसाच्या चार महिन्यांची ही बेगमी, आमच्याकडे तिला आगोट म्हणतात. आगोटीचा वास दिवसभर एकच नसतो. सकाळी तो आंबट असतो, दुपारी बाराला गोड होतो आणि तीनच्या सुमाराला मासळी सगळ्यांवर कुरघोडी करते. ह्या सगळ्याच्या मधोमध स्टुलावर आई बसलेली असते, हातात काठी आणि डोक्यावर ओला पंचा. कावळ्यांशी तिचं सतत काहीतरी चालू असतं.

हा हंगाम मी जवळजवळ पंचवीस वर्षं चुकवला. वाडीतली बाकीची माणसं मुंबईहून गणपतीला आणि शिमग्याला येतात, तशी मीही यायची. फरक एवढाच, की ती नालासोपाऱ्याहून यायची आणि मी जपानहून. वाडीला ह्या फरकाचं फारसं कौतुक नव्हतं. "आमची बाय जपानात फिलिम काढते," असं आई सांगायची आणि ऐकणारा विचारायचा, "गानी किती हायत तिच्यात?" गाणी नसायची. बंद पडलेल्या शाळा असायच्या, एकट्याने जेवणारी माणसं असायची. नोकरी मिळेल म्हणून मुंबईत जपानी शिकले, एका चित्रीकरणाच्या पथकाबरोबर दुभाषी म्हणून गेले, आणि पुढे कधीतरी कॅमेरा माझ्याच खांद्यावर आला. मग जपान कसा बदलतोय हे इतरांना दाखवणं हाच माझा धंदा झाला. रिकाम्या होत जाणाऱ्या गावांवर मी परिषदांमध्ये तासतासभर बोलायची. आमच्या वाडीतल्या एकवीस घरांपैकी तेरा घरांना कुलूप आहे, हे मी तिथे कधी बोलले नाही. कुणी विचारलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही तो विषय म्हणून कधी दिसला नव्हता.

मला आठवतोय तो उन्हाळा मात्र तेरा वर्षांपूर्वीचा, जपानमधल्या शिकोकू बेटावरचा. तिकडचा पावसाळा जुलैत आटपतो आणि त्यानंतर ऊन असं पडतं की रातकिडे दिवसाही ओरडत सुटतात. डोंगराच्या कुशीत अकरा घरांचं गाव, त्यातली चार उघडी. शेवटच्या घरात किकुएसान, म्हणजे किकुएबाई, एकटी राहायची. ऐंशी उलटलेली, पाठीतून वाकलेली, आणि माझ्यावर सतत थोडी वैतागलेली बाई. "तू फार उभी असतेस, बस की," असं ती दर पाच मिनिटांनी म्हणायची. कॅमेरा घेऊन बसता येत नाही, हे मी तिला शेवटपर्यंत पटवू शकले नाही.

पाऊस संपल्यावर तिकडे एक काम असतं, मुशिबोशी. पेट्यांमधले कपडे, जुनी पुस्तकं, देव्हाऱ्यातल्या चित्रांच्या गुंडाळ्या सगळं बाहेर काढायचं आणि हवा लागू द्यायची, म्हणजे कसर लागत नाही. किकुएसानने समोरासमोरची सगळी दारं सरकवून घर आरपार मोकळं केलं, खोलीतून खोलीत दोऱ्या बांधल्या आणि त्यांवर किमोनो टांगले. प्रत्येक किमोनो झटकताना तो कुणाचा, कधीचा, हे ती सांगत होती. हा सासूचा. हा बहिणीचा, ती तरुणपणीच गेली. मी हेडफोन कानाला लावून तिच्यामागे मागे. दोन दिवस ते चाललं. घरभर कापराचा वास, आणि वाऱ्याची झुळूक आली की सगळे किमोनो एकदम हलायचे.

शेवटचा एक किमोनो होता पिवळट रंगाचा, कधीच न वापरलेला. तो तिच्या लेकीसाठी शिवलेला. लेक हारुमी ओसाकाला गेली, तिथे आईला न विचारता लग्न केलं आणि किमोनो मागेच राहिला. तो हातात धरून किकुएसान चाळीस मिनिटं बोलली. एरवी माझ्या प्रश्नाला "हं" पलीकडे उत्तर न देणारी बाई. ती म्हणाली, दरवर्षी हा काढते, झटकते, परत ठेवते. ती येईल तेव्हा कुबट वास यायला नको. तिला ये म्हणायला मला जमत नाही, म्हणून हे करते. मधेच तिने हाक मारावी तसं लेकीचं नाव घेतलं. घरात आम्ही दोघीच होतो.

मग अंगणातलं ऊन खोलीत सरकलं, तशी ती उठली आणि दोरीच सावलीत ओढून घेतली. "उन्हात कधी टाकायचं नाही," मला बजावलं. "उन्हाने जातं सगळं. सावली आणि वारा, एवढंच." मी ते चित्रित केलं. वहीतही लिहिलं. ती वही आजही माझ्याकडे आहे आणि ते वाक्य तिच्यात दोनदा अधोरेखित केलेलं आहे.

त्या संध्याकाळी आईला फोन केला. इकडे श्रावणातला पाऊस कोसळत होता आणि तिची तक्रार चालू होती, गोधड्यांना वास येतोय, भिंतींना बुरशी चढलीय. मी दमले होते, तरी तिला बरं वाटावं म्हणून मुशिबोशीचं सांगितलं. जपानमधली एक म्हातारी दरवर्षी घरातल्या जपलेल्या वस्तू बाहेर काढते, म्हणजे त्या टिकतात, वगैरे. आईला ते फार आवडलं. "म्हंजे आपल्यावानीच की गो," ती म्हणाली. आणि मी म्हटलं, "हो, अगदी आपल्यासारखंच." सावलीचं सांगायचं राहिलं. माझं सगळं पोट ज्या कामावर चाललं ते काम म्हणजे कुठे काय वेगळं आहे ते नीट पाहणं, आणि घरच्या माणसाशी बोलताना मी एका शब्दात ते पुसून टाकलं. त्या क्षणी मला ते प्रेमळ वाटलं होतं.

माहितीपट पूर्ण झाला, दोन-चार ठिकाणी नावाजलाही गेला. ज्या वाहिनीने तो घेतला त्यांना जपानी बोलणं खाली अक्षरांत नको होतं. प्रेक्षक वाचत नाही, असं त्यांचं म्हणणं. मग किकुएसानच्या बोलण्यावर एका इंग्रज निवेदकाचा घोगरा आवाज चढवला. तिने तोंड उघडलं की अर्धा सेकंद ती ऐकू येते, मग तो सुरू होतो. किमोनोची चाळीस मिनिटं तर लांबण म्हणून मीच कापली. वाहिनीवर ढकलता आलं असतं तर बरं झालं असतं, पण कात्री माझ्या हातात होती. तिचा मूळ आवाज फक्त चित्रीकरणाच्या छत्तीस कॅसेटींवर उरला. जपानहून परतल्यावर मुंबईत मी भाड्याच्या खोल्या बदलत फिरत होते, तेव्हा त्यातल्या त्यात सुरक्षित जागा म्हणून त्या गावी आईच्या लोखंडी कपाटात ठेवल्या. "जप हां आये ह्यांना," एवढंच बोलले होते. त्यांच्या नकला करून ठेवायच्या, हे दरवर्षी ठरवायची आणि दरवर्षी नवीन काम यायचं.

यंदा शिमग्याच्या आधी हारुमीसानचं पत्र आलं. तीही आता सत्तरीला टेकलीय. किकुएसान जाऊन सात वर्षं झाली, घर ह्या वर्षी पाडणार आहेत. तिने लिहिलं होतं: आईचे फोटो आहेत, पण आवाज नाही. आमचं फोनवर फारसं बोलणं नव्हतं, त्याला कारण मीच. तुमचा माहितीपट पाहिला, त्यात एक पुरुष बोलतो. तुम्ही आईबरोबर पूर्ण उन्हाळा होतात. तिचा थोडासा आवाज, काहीही बोलत असली तरी चालेल, मला ऐकायला मिळेल का?

मला आनंद झाला, हे आज लिहायलाही लाज वाटते. मी लगेच उत्तर पाठवलं. थोडासा नाही, खूप आहे, आणि त्यात आईने तुमच्याबद्दल जे सांगितलं ते तर मी कुणालाच दाखवलेलं नाही. असं लिहून टाकलं. मग शिमग्याला गावी आले, कपाट उघडलं, खोका बाहेर काढला. आईला सांगितलं, त्या म्हातारीच्या लेकीला आईचा आवाज हवाय. आईचे डोळे भरून आले. म्हणाली, "बेगीन घेऊन जा मंग. इतकी वर्सं जपल्यात मी त्या. एकीला बुरशी धरू दिली नाय."

मुंबईत जुन्या कॅसेटी दुरुस्त करणारे एक वयस्क गृहस्थ आहेत. दोन आठवड्यांनी त्यांनी मला बोलावून घेतलं. टेबलावर एक कॅसेट उघडून ठेवली होती. "ह्या कुठे होत्या?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, कोकणात, कपाटात. ते म्हणाले, "नुसत्या कपाटात राहून असं होत नाही. प्लॅस्टिक वाकलंय. फितीचे पदर एकमेकांना चिकटलेत, सोडवायला गेलं की वरचा थर निघून येतो. ह्या तापल्यात बाई. एकदा नाही, पुष्कळ वेळा. आणि ही आत लाल माती कसली?" बोटाच्या टोकावर त्यांनी ती मला दाखवली. ती माती मी कुठेही ओळखली असती. छत्तिसांपैकी पाचांवरून चित्राचे तुकडे निघाले: हिरवे चौकोन, अर्धा हात, एक दोरी. आवाज एकावरही नाही. अजून कुठे प्रयत्न करून बघू का, विचारलं तर त्यांनी मान हलवली. "करा, पण मी तुम्हाला आशा लावणार नाही. टाकून देऊ का ह्या?" मी नको म्हटलं आणि खोका उचलून खाली आले.

रस्त्यावर उभी राहूनच आईला फोन लावला. "आये, कॅसेटी कायम कपाटातच होत्या ना?"

"पावसात कपाटात," ती म्हणाली. "वैशाखात दरसाल खळ्यात घालतंय की, आठ-आठ दिस. चांगल्या कडक उन्हात. तूच नाय का सांगितलंस, ती म्हातारी करते म्हणून?" तिच्या आवाजात इतकी ऐट होती, की मी "हो, बरं केलंस" म्हणून फोन ठेवला.

मग चैत्राचा अख्खा महिना मी हारुमीसानला पत्र लिहीत होते. एकही पाठवलं नाही. पहिल्यात पावसाळ्यावर ढकललं, कोकणातली दमट हवा, बुरशी, माझा नाइलाज. ते वाचून स्वतःचीच किळस आली. दुसऱ्यात किकुएसान जे बोलली ते माझ्या शब्दांत लिहायला घेतलं, आणि ध्यानात आलं की मी पुन्हा तेच करतेय, तिच्यावर आपला आवाज चढवतेय. तिसऱ्यात खरं लिहिलं. पण त्यात आई आली, आणि आई अशी वाचणाऱ्याला अडाणी दिसते. ती अडाणी नाही. तिने ऐकलं ते अचूक केलं. सांगणारी कच्ची होती.

त्या दिवसांत मी डोळे मिटून किकुएसानचा आवाज आठवायचा प्रयत्न करायची. दोन महिने तो हेडफोनमधून थेट माझ्या कानात होता, माझ्याइतका जवळून तो जगात कुणीच ऐकलेला नाही. शब्द सगळे आठवतात. ती कुठे थांबली, कुठे नाक ओढलं, तेही आठवतं. पण आवाज म्हणून जो येतो तो त्या निवेदकाचा. घोगरा, पुरुषी, सभ्य. मी उठून नळाखाली डोकं धरायची. पंचवीस वर्षं मी परक्यांच्या घरात शिरले, त्यांच्या म्हाताऱ्यांना बोलतं केलं, ते सगळं कुणासाठी, असा प्रश्न पडला की आता उत्तर येत नाही. एका लेकीने एवढी एकच गोष्ट मागितली, ती माझ्याकडे होती, आणि मी ती माझ्याच आईच्या हातून भाजून घेतली. ह्यातून मला काही शिकायचंही नाही. मला फक्त ती चाळीस मिनिटं परत हवी आहेत, आणि ती मिळणार नाहीत.

कुणी म्हणेल, निदान आता आईचा आवाज तरी रेकॉर्ड करून ठेव. सुचलं होतं. फोनसुद्धा समोर धरला होता एकदा, व्हिडिओ कॉलवर. ती म्हणाली, "काय गो, अशी काय बगतेस?" मी फोन खाली ठेवला. कुणाचाही आवाज माझ्या ताब्यात द्यावा अशी मी राहिलेच नाही, असं वाटलं.

आईला सगळं सांगून टाकायचं, असं ठरवून मागच्या आठवड्यात गावी आले. खोका मांडीवर घेऊन हातखंब्याला बसमधून उतरले, तिथून रिक्षाने आत. वाटेत तीन वाक्यं जुळवली होती. कॅसेटी खराब झाल्या. उन्हाने झाल्या. चूक माझी, मी अर्धवट सांगितलं. तिसरं वाक्य पहिल्याआधी बोलायचं, हेही ठरवलं होतं.

खळ्यात पोचले तेव्हा आंबट वास सरून गोड वास सुरू झाला होता. आईने स्टुलावरूनच खोका पाहिला. "आनल्यास? झालं तिचं काम?" मी काही बोलायच्या आत तिने झाकण उघडलं, एक कॅसेट नाकाशी धरली. "बग, मुंबयच्या हवेत दमाट झाल्या. बरी वेळेवर आलीस, आजून ऊन हाय." गुडघ्यांवर हात टेकत ती उठली, मिरच्यांची चटई सरकवली, रिकाम्या जागी दुसरी चटई घालून तिच्यावर स्वतःचं मऊ जुनं लुगडं पसरलं, आणि एकेक कॅसेट डबीतून काढून मांडू लागली. दोन कॅसेटींमध्ये बोटभर जागा, एकीची सावली दुसरीवर पडू नये म्हणून. किती नीट करत होती ती ते. बारा वर्षं माझ्यामागे हे असंच चाललं असणार.

"आये," मी म्हटलं, "मला तुला कायतरी सांगायचंय."

"सांग की."

"चूक माझी झाली..."

तेवढ्यात फणसावरून धप्पकन आवाज आला आणि पाठोपाठ अख्खा कळप खळ्यात उतरला. माकडांनी आमच्याकडे आता उच्छाद मांडलाय. बागा, परसं, कौलं, काही म्हणता काही सोडत नाहीत. बारा-पंधरा तरी असतील. मी ताट उचलून काठीने बडवायला लागले. एकाने दातओठ खात माझ्यावरच झेप घेतली आणि ते ताट सोडायला लावलं. आंबापोळी ते फाडून फाडून पळवत होते, सोलं चौफेर उधळली, कुळीथ पायांखाली. आईची काठी माझ्या हातात होती. ती मोकळ्या हाताने आंबापोळीकडे धावेल असं मला वाटलं. पंधरा दिवस रस आटवून, थरावर थर देऊन घातलेली ती पोळी. ती तिकडे गेलीच नाही. ज्या गुडघ्यांनी तिला देवळाची पायरी चढवत नाही ते गुडघे तिने चटईवर टाकले, दोन्ही हातांनी लुगड्यासकट सगळ्या कॅसेटी पोटाशी ओढल्या आणि त्यांच्यावर वाकून पडून राहिली. एक माकड तिच्या पाठीवर पाय देऊन पलीकडे गेलं. तिने मान वर केली नाही.

पाच-सात मिनिटांत सगळं शांत झालं. सगळ्यात मोठा नर दगडी गडग्यावर बसून ताट चाटत होता. मी आईला धरून बसती केली. कोपर सोलवटलं होतं, डोक्यावरचा पंचा कुठेतरी गेला होता. ती लुगड्याचं गाठोडं उलगडून बघत होती. छत्तीस मोजून झाल्यावर तिने श्वास सोडला.

"आये, आंबापोळी गेली सगळी," मी म्हटलं. मला रडू येत होतं.

"जाऊ दे गो. रायवळ आंबे पडतायत आजून, दुसरी घालीन." तिने एक कॅसेट पदराने पुसली. "ही म्हातारी मंग कुठनं आनली असतीस?"

माझी तीन वाक्यं तयार होती.

"तिच्या लेकीला कळव हां," आई म्हणाली. "येकपन गेली नाय म्हनावं."

मी "कळवते" म्हटलं. तिने लुगडं पुन्हा पसरलं, चटईची घडी काढली आणि कॅसेटी परत मांडायला घेतल्या. निम्म्या माझ्यापुढे सरकवल्या. "ह्या उलट्या घाल, त्या अंगाला ऊन लागलं नाय आजून." मी तिच्या शेजारी बसले आणि एकेक करून सगळ्या उलट्या घातल्या.